दूरचित्रवाणीवरची ‘शिरीन’ वगळू नका

महोदय,

रविवार पुरवणीतला ‘नवा जर्मन सिनेमा’ या साठ-सत्तरच्या दशकांतल्या पश्चिम जर्मन चित्रपट चळवळीवरचा लेख आवडला. पण तो फासबिंडर, हेर्त्सोग आणि वेंडर्स या दिग्दर्शकांपाशीच थांबला, याची चुटपुट लागली. त्या पिढीचं कितीतरी मोलाचं काम दूरचित्रवाणीच्या पैशावर उभं राहिलं. त्यातला दिग्दर्शिका हेल्मा झांडर्स-ब्राम्स यांचा ‘शिरीनचं लग्न’ तरी लेखात यायलाच हवा होता.

कोलोनच्या ‘डब्ल्यूडीआर’ या सार्वजनिक वाहिनीवर १९७६ मध्ये दाखवलेला हा कृष्णधवल चित्रपट. १९६१च्या करारानंतर तुर्कस्तानातून लाखो कामगार पश्चिम जर्मनीत गेले. १९७३च्या नोव्हेंबरात सरकारनं ही भरती थांबवली. शिरीन त्या लोंढ्यातलीच. लहानपणी ज्याच्याशी लग्न ठरलं त्या महमूदला शोधत ती अनातोलियातल्या खेड्यातून कोलोनला येते, कारखान्यात लागते. मंदीत नोकरी जाते आणि ती वेश्याव्यवसायात ढकलली जाते. महमूद भेटतो, तो गिऱ्हाईक म्हणून! लोककथेत शिरीनसाठी डोंगर फोडतो तो फरहाद. इथे डोंगर फोडायला शिरीनच निघालेली असते.

मला सर्वांत मोठी वाटते ती या चित्रपटाची निवेदनाची रीत. मेलेली शिरीन आपली कहाणी सांगते आणि तिच्याशी बोलणारा दुसरा आवाज खुद्द दिग्दर्शिकेचा असतो. एक जर्मन बाई तुर्की बाईची गोष्ट सांगते आहे, हे प्रेक्षकापासून लपवलेलं नाही. शिरीनवर इतकी संकटं कोसळतात की तिच्या हाती काहीच उरत नाही, हा आक्षेप मला मान्य आहे. तरीही रोज शेजारून जाणाऱ्या, पण कुणी नावानं न ओळखणाऱ्या कामगार बाईला या चित्रपटानं जर्मन घराघरांत नेलं. तुर्की राष्ट्रवाद्यांनी त्याचा जोरदार निषेध केला, म्हणजे घाव वर्मी बसला होता.

असा विषय तिकीटबारीच्या भरवशावर कुणी हाती घेतला असता असं वाटत नाही. प्रेक्षकांच्या परवाना शुल्कावर चालणाऱ्या वाहिन्यांनी ते धाडस केलं. ‘झेडडीएफ’ या दुसऱ्या सार्वजनिक वाहिनीनं तर १९६३ पासून ‘लहान दूरचित्रवाणी नाटक’ या नावाचा विभागच नव्या दिग्दर्शकांसाठी चालवला. त्यावर आपण स्वतंत्र लेख द्यावा. आणि पुण्या-मुंबईच्या मॅक्समुल्लर भवनांनी व फिल्म सोसायट्यांनी ‘शिरीनचं लग्न’ एकदा दाखवावा, शक्यतो मराठी उपशीर्षकांसह.

– एक वाचक, सातारा