‘दुरुस्त करा’ हे बटण संपूर्ण गेम आणि सेव्ह फाइल्स पुसून टाकते, त्याबाबत तक्रार

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी,
ग्राहक सेवा विभाग

विषय: लाँचरमधील सदोष फाइल तपासणी, दुरुस्तीच्या नावाखाली होणारे ९६ जीबीचे पुन्हा डाऊनलोड आणि नष्ट झालेल्या सेव्ह फाइल्स

महोदय / महोदया,

तुमचा शहर उभारणीचा गेम मी तुमच्याच ऑनलाइन दुकानातून २,९९९ रुपये भरून घेतला आहे. पावती सोबत जोडली आहे. गेम फार चांगला आहे, त्याबद्दल माझे काहीच म्हणणे नाही. तक्रार आहे ती लाँचरबद्दल, म्हणजे गेम उतरवून, अपडेट करून सुरू करणाऱ्या तुमच्या प्रोग्रामबद्दल, आणि त्यातही ‘फाइल्स तपासा’ व ‘दुरुस्त करा’ या दोन बटणांबद्दल. पहिले बटण काही तपासत नाही आणि दुसरे काही दुरुस्त करत नाही. तुमच्या ग्राहक सेवेला हे वारंवार कळवूनही एकाच साच्यातली उत्तरे येत राहिली, म्हणून हे सविस्तर पत्र.

मी चिपळूणला राहते. पावसाळ्यात इथे लाइट कधी जाईल याचा नेम नसतो. जूनमध्ये तुमचे अपडेट संपत आले असतानाच लाइट गेली. परत आल्यावर लाँचर उघडला, तर त्यात ‘अपडेट पूर्ण’ असे दिसत होते. गेम सुरूही झाला. पण आमचे शहर उघडायला गेले की लोडिंगची पट्टी अर्ध्यावर थांबायची, ‘डेटा फाइल खराब आहे’ असा संदेश यायचा आणि गेम बंद पडायचा.

मी ‘फाइल्स तपासा’ दाबले. काही सेकंदांत हिरवी खूण आली: सर्व फाइल्स ठीक. हा गेम ९६ जीबीचा आहे. माझी हार्ड डिस्क सेकंदाला साधारण १५० एमबी वाचते. म्हणजे सगळ्या फाइल्स नुसत्या एकदा वाचून काढायच्या म्हटल्या तरी दहा-अकरा मिनिटे हवीत. ज्या अर्थी तुमची तपासणी काही सेकंदांत उरकते, त्या अर्थी लाँचर फाइलच्या आत डोकावतच नाही. नाव आणि आकार जुळला की तो पुढे जातो.

मग ‘दुरुस्त करा’ दाबले. समोर आलेल्या चौकटीत एकच वाक्य होते: ‘गेमच्या फाइल्स दुरुस्त केल्या जातील. पुढे जायचे?’ मी ‘होय’ म्हटले. बराच वेळ पट्टी हलेना, म्हणून डी ड्राइव्ह उघडून पाहिला, तर मोकळी जागा वाढत चालली होती. आधी ४० जीबी होती, रिफ्रेश केल्यावर ६१ झाली, मग शंभराच्या वर गेली. लाँचर आमचे फोल्डर रिकामे करत सुटला होता. ‘रद्द करा’ हे बटण करडे पडलेले, दाबले जाईना. फोल्डर रिकामे झाले आणि डाऊनलोड शून्यापासून सुरू झाले.

त्याच फोल्डरमध्ये आमच्या सेव्ह फाइल्स, म्हणजे आम्ही खेळून जपलेला खेळ, होत्या. माझी मुलगी बारावीची परीक्षा झाल्यावर सुट्टीत माझ्याशेजारी बसून हा गेम खेळायची. आम्ही दोघींनी खाडीकाठचे एक शहर उभे केले होते. बंदर तिने आखले, ट्रामचे मार्ग मी. पूर आला तर बाजारपेठ बुडू नये म्हणून तिने सगळी दुकाने उचलून चढावर नेली होती. २०२१ च्या जुलैत आमच्या खऱ्या बाजारपेठेत पाणी शिरलेले तिने पाहिले आहे. ती आता पुण्याला शिकायला आहे. ते शहर गेले, आणि ते परत आणण्याचा काही मार्ग नाही असे तुमच्या ग्राहक सेवेने मला दोन ओळींत कळवले. सेव्ह फाइल्सना काहीही झाले नव्हते. दुरुस्तीच्या बटणाने त्या पुसल्या. वापरकर्त्याच्या सेव्ह फाइल्ससाठी विंडोज व्हिस्टापासून, म्हणजे २००७ पासून, ‘सेव्ह्ड गेम्स’ नावाचे स्वतंत्र फोल्डर दिलेले आहे. तुम्ही ते वापरत नाही, आणि गेमच्या फोल्डरमध्येच त्या ठेवायच्या असतील तर पुसण्याआधी विचारतही नाही.

ऑगस्टमध्ये पुढच्या अपडेटच्या वेळी पुन्हा तेच घडले. या वेळी कुठलेही बटण दाबण्याआधी मी पूर्ण फोल्डर बाहेरच्या ड्राइव्हवर कॉपी करून घेतले. मी महाविद्यालयाच्या संगणक प्रयोगशाळेत काम करते, तेव्हा नेमके काय बिघडते ते स्वतःच शोधायचे ठरवले. माझ्या एका सहकाऱ्याने हाच गेम विकत घेतला आहे आणि त्याच्याकडे तीच आवृत्ती होती. विंडोजमध्येच असलेल्या ‘सर्टयुटिल’ या कमांडने दोन्हीकडच्या गेमच्या सगळ्या फाइल्सचे एसएचए-२५६ हॅश, म्हणजे फाइलच्या आतल्या मजकुरावरून निघणारे ठसे, काढले. आतला एक बिट जरी वेगळा असला तरी हॅश पूर्ण वेगळा येतो, त्यामुळे लपायला जागा राहत नाही. एक फाइल सोडून सगळे हॅश जुळले.

ती फाइल १८ जीबीची. आकार दोन्हीकडे शेवटच्या बाइटपर्यंत सारखा. फाइलमधला कच्चा डेटा आकड्यांत दाखवणाऱ्या हेक्स एडिटरमध्ये दोन्ही शेजारी शेजारी उघडून तुलना केली. शेवटाकडे, जिथे अपडेटने नवा भाग जोडला होता, तिथे ६४ केबीचा एक सलग पट्टा वेगळा निघाला. सहकाऱ्याच्या फाइलमध्ये त्या जागी दाट भरलेला डेटा. माझ्या फाइलमध्ये ०० ०० ०० ००, ओळीमागून ओळ, दुसरे काही नाही. बाकी अख्खी फाइल बिनचूक होती.

हे का होते, ते तुमच्या तंत्रज्ञांना माझ्यापेक्षा चांगले माहीत असणार. तरी लिहिते, कारण तुमच्या ग्राहक सेवेने याचे खापर माझ्या हार्ड डिस्कवर फोडले आहे. विंडोजची डिस्कवर फाइल्स ठेवण्याची एनटीएफएस ही व्यवस्था आपल्या जर्नलमध्ये, म्हणजे बदलांच्या नोंदवहीत, फाइलचे नाव, आकार, डिस्कवरची जागा यांची नोंद ठेवते. मध्येच लाइट गेली तर हा हिशेब ती सावरून घेते, पण फाइलच्या आतल्या डेटाची हमी ती देत नाही. फाइल वाढली, तिचा नवा आकार नोंदला गेला, आणि डेटा अजून मेमरीतच असताना वीज गेली, की त्या जागी शून्ये सापडतात. यावर उपायही विंडोजमध्येच आहे: मेमरीतला डेटा डिस्कवर उतरवून घ्या, तो परत वाचून हॅश जुळवा, आणि मगच ‘अपडेट पूर्ण’ अशी नोंद करा. तुमचा लाँचर ती नोंद आधीच करून मोकळा होतो. पुढे केवळ आकार पाहून ‘ठीक आहे’ म्हणतो. वीज गेली हे तुमच्या हातात नाही, हे मला मान्य आहे. पण या दोन्ही गोष्टी पूर्णपणे तुमच्या हातातल्या आहेत.

माझ्या डिस्कविषयी म्हणाल तर विंडोजच्या चेक डिस्क तपासणीत एकही खराब सेक्टर, म्हणजे डिस्कचा बिघडलेला तुकडा, निघाला नाही. डिस्क स्वतःच्या प्रकृतीच्या ज्या नोंदी ठेवते त्या स्मार्टच्या नोंदींमध्ये बदललेल्या सेक्टरांचा आकडा शून्य आहे. रात्रभर मेमरी चाचणी चालवली, त्यातही दोष आला नाही. हे सगळे स्क्रीनशॉट मी तुम्हाला पाठवले होते. त्यावर उत्तर आले: अँटिव्हायरस बंद करा, ग्राफिक्सचा ड्रायव्हर अपडेट करा, गेम काढून पुन्हा टाका. आणि माझ्या पुढच्या मेलला उत्तर न देता तक्रार ‘सोडवली’ म्हणून बंद केली गेली.

सहकाऱ्याकडून ती एक फाइल आणून माझ्या फोल्डरमध्ये ठेवली आणि गेम तत्काळ सुरू झाला. लोडिंगची पट्टी पूर्ण झाली, काही अडले नाही. म्हणजे गरज होती ६४ केबीची आणि तुमचे बटण मागत होते ९६ जीबी, पंधरा लाख पटींहूनही अधिक. माझ्या घरच्या ४० एमबीपीएसच्या लाइनवर हे डाऊनलोड कागदावरच सव्वापाच तासांच्या पुढे जाते. पावसात लाइन तुटते, आणि तुमचा लाँचर तुटलेली फाइल पुढून उचलत नाही. १८ जीबीची फाइल १६ जीबीवर तुटली तर परत पहिल्यापासून. अर्धवट फाइलचा उरलेला तुकडा तेवढाच मागवण्याची सोय वेबवरून फाइल्स मागवण्याच्या एचटीटीपी १.१ या पद्धतीत १९९७ पासून आहे. आणि आमच्या भागात ज्यांच्याकडे केबलची लाइनच नाही, जे रोजच्या २ जीबी मोबाइल डेटावर काम भागवतात, त्यांनी काय करायचे? ९६ जीबी म्हणजे त्यांचा ४८ दिवसांचा सगळा डेटा.

मी अशक्य ते मागत नाही. स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानावर गेमची फाइल साधारण एकेक एमबीच्या तुकड्यांत विभागलेली असते आणि प्रत्येक तुकड्याचा हॅश यादीत असतो; तपासणी केली की बिघडलेले तुकडे तेवढे पुन्हा येतात. लोकांनी एकमेकांकडून फाइल्स उतरवण्याच्या बिटटॉरेंट या पद्धतीने तुकड्यागणिक हॅश जुळवण्याची पद्धत २००१ मध्येच आणली. एका गोष्टीचे मला खरोखर वाईट वाटते. आमच्या प्रयोगशाळेतल्या मुलांना मी नेहमी सांगते की चोरीची कॉपी उतरवू नका, ज्यांनी गेम बनवला त्यांच्या कष्टाचे पैसे द्या. त्या मुलांनी मला दाखवले की अशा चोरीच्या कॉपीसोबतसुद्धा फाइल्सचे हॅश जुळवून कुठली खराब आहे ते नावानिशी सांगणारी छोटी सोय येते. पैसे भरणाऱ्या ग्राहकाला तुमच्याकडून तेवढेही मिळत नाही. त्या मुलांना आता मी काय सांगू?

तेव्हा माझी पहिली आणि मुख्य मागणी ही की लाँचरमधली दुरुस्ती तुकड्या-तुकड्याने व्हावी: जो भाग खराब आहे तो ओळखावा, तेवढाच मागवावा, बाकीच्याला हात लावू नये. हे काम एका दिवसात होणार नाही याची मला कल्पना आहे. पण तोपर्यंत प्रत्येक आवृत्तीच्या सर्व फाइल्सच्या हॅशची यादी ग्राहकांना उघड करायला तुम्हाला काहीच अडचण नसावी. ती हाती असली तर कुठली फाइल बिघडली हे ग्राहक स्वतः शोधू शकेल आणि ती एकच फाइल पुन्हा मागवण्याची सोय तुम्ही देऊ शकाल. सेव्ह फाइल्स गेमच्या फोल्डरमधून बाहेर काढा. हे तर पुढच्या अपडेटमध्येच झाले पाहिजे. आणि आज जे बटण आहे त्यावर ‘दुरुस्त करा’ ऐवजी ‘सर्व पुसून पुन्हा डाऊनलोड करा’ असे लिहा, किती जीबी लागतील तेही लिहा. ते वाचले असते तर जूनमध्ये मी ‘होय’ म्हटले नसते.

माझ्या बाबतीत, बंद केलेली तक्रार पुन्हा उघडावी आणि हार्ड डिस्क खराब असल्याचा निष्कर्ष कशाच्या आधारे काढला ते लेखी कळवावे. लाँचरमध्ये सुधारणा करायचीच नाही असे तुमचे ठरले असेल तर माझे २,९९९ रुपये परत करावेत.

ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ मध्ये ई-कॉमर्सच्या व्याख्येत डिजिटल उत्पादनांचा स्पष्ट उल्लेख आहे. त्याखालील २०२० च्या ई-कॉमर्स नियमांनुसार तक्रार निवारण अधिकाऱ्याने ४८ तासांत तक्रारीची पोच देणे आणि एका महिन्याच्या आत तिचे निवारण करणे बंधनकारक आहे. महिनाभरात समाधानकारक उत्तर आले नाही तर मी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ क्रमांकावर नोंद करीन आणि रत्नागिरीच्या जिल्हा ग्राहक आयोगाकडे जाईन. ग्राहक जिथे राहतो तिथेच तक्रार दाखल करता येते आणि पाच लाखांपर्यंतच्या खरेदीला त्यासाठी शुल्क नाही, हे मी पाहून ठेवले आहे. तशी वेळ येऊ नये अशी माझी मनापासून इच्छा आहे, कारण मुलगी दिवाळीत घरी येणार आहे आणि आम्हाला हा गेम पुन्हा खेळायचा आहे.

तुमच्या तंत्रज्ञांना खराब झालेली मूळ १८ जीबीची फाइल तपासायला हवी असेल तर ती मी जपून ठेवली आहे. मागाल तेव्हा पाठवीन.

कळावे,
आपली ग्राहक,
चिपळूण, जि. रत्नागिरी

सोबत: खरेदीची पावती, दोन्ही संगणकांवरील हॅशच्या याद्या, हेक्स एडिटरमधील तुलनेचे स्क्रीनशॉट, लाँचरची लॉग फाइल, डिस्क व मेमरी चाचण्यांचे निकाल, ग्राहक सेवेशी झालेला सर्व मेलव्यवहार.