उचकी

नौपाडा, ठाणे
मंगळवार (बायकोला विचारून लिहिलाय)

प्रिय दिग्या,

फोन उचलत नाही म्हणून चिडला असशील. चीड, पण हे वाचून झाल्यावर. फोनवर सांगायला गेलो तर तू मधेच हसशील, मग मीही हसेन आणि मूळ गोष्ट राहून जाईल. आजवर तसंच झालंय.

मला उचकी लागलीय. साधी नव्हे, ती दुसरी. डॉक्टर तिला कालभ्रंश म्हणतात, पण आमच्याकडे उचकीच म्हणतात, कारण सुरुवात तशीच होते. घशात एक झटका, आणि माणूस वेगळ्याच कुठल्यातरी दिवसात. अंग इथेच उभं, डोळे उघडे. बघणाऱ्याला दोन-तीन मिनिटं वाटतात, आत तास-दीड तास जातो. मला पहिल्यांदा लागली ती जांभळी नाक्यावर, कोथिंबिरीची जुडी हातात असताना. परत आलो तेव्हा भाजीवाली म्हणत होती, "काका, घ्यायची नसेल तर ठेवा, सुकतेय."

डॉक्टरकडे गेलो. त्याने विचारलं, आज वार कोणता, साल कोणतं, आपण कुठे आहोत. तिन्ही उत्तरं बरोबर. म्हणाला, "मग उत्तम आहे." मी म्हटलं, "आत्ता उत्तम आहे." फी घेतली आणि पुढच्या महिन्यात बोलावलं. पुढचा महिना कुठून येतो ते बघू.

खरं निदान केलं आमच्या तळमजल्यावरच्या आजींनी. त्यांना वर्षभर आधीपासून आहे. त्या जातात त्यांच्या लहानपणात, आणि परत आल्यावरही अर्धा दिवस तिथलंच घड्याळ चालवतात. सात वाजले म्हटलं की विचारतात, "कुठले सात? आपले की स्टँडर्ड?" मला वाटलं डोकं फिरलंय. पण नाही. स्टँडर्ड टाइम 1906 सालीच आला, तरी मुंबईने स्वतःची वेगळी वेळ 1955 पर्यंत सोडली नव्हती, 39 मिनिटं मागे. आगगाडी स्टँडर्डवर, आजींच्या घरातलं घड्याळ मुंबईवर. वडील रोज सातची गाडी पकडायचे म्हणजे घरच्या घड्याळात सहा एकवीसला फलाटावर असायचे. आता सून बिचारी रक्तदाबाच्या गोळीसाठी उलटसुलट हिशेब करत बसते.

तर आजी म्हणाल्या, "अरे, उचकी लागली की काय करतो आपण? नावं घे." पुढच्या वेळी झटका येतोयसं वाटलं तेव्हा घेतली. आई, बायको, मुलगी, ऑफिसातला तो कर्जवाला. काही नाही. मग 'दिग्या' म्हटलं, आणि थांबली. आजींचं म्हणणं असं, की आठवण काढणारा जो दिवस आठवत असतो, त्याच दिवसात आपण ओढले जातो. त्यांची धाकटी बहीण पेणला असते, रोज संध्याकाळी ओसरीवर बसून माहेर आठवते. फोन करून विचारलं, वेळ बरोबर जुळली. माझीही जुळते, दिग्या. रात्री अकरानंतर, तुझं घर झोपलं की.

दिवस कोणता, ते तुला सांगायला नको. 26 जुलै 2005. सांताक्रूझला 944 मिलिमीटर आणि कुलाब्याला 73, हे सगळं नंतर पेपरात वाचलं. त्या दिवशी नुसतं पाणी होतं. विक्रोळीहून रुळांवरून निघालो, कांजूर, भांडुप, नाहूर. फोन मेलेले. अप्पा कोपरीत एकटे, काकू डोंबिवलीत अडकलेल्या. मुलुंडला त्या सोसायटीवाल्यांनी बाकं टाकून चहा ठेवला होता. आपण बसलो. वीस मिनिटं. घरी पोचलो सव्वादहाला, आणि शेजारचे म्हणाले, आत्ताच, दहाच्या सुमारास.

मी त्या बाकावर निदान तीस वेळा तरी जाऊन आलोय. तिथे काही बदलता येत नाही. तोंड बोललं तेच बोलतं, हात तोच कप उचलतो, आपण फक्त आतून बघायचं. चौथ्या की पाचव्या वेळी मी जीव तोडून 'ऊठ, चल' म्हणायचा प्रयत्न केला. तोंडातून आलं, "बिस्कीट घे."

पण कान चालू असतात. तू दहाव्याला म्हणालास, "मी बसलो नसतो तर." तुझ्या लग्नाच्या आदल्या रात्री म्हणालास. गेल्या दिवाळीला फोनवर पुन्हा. दिग्या, तू बसला नव्हतास. तू उभा होतास, कप हातात न घेता. "अप्पा एकटे आहेत रे," असं दोनदा म्हणालास. "बसू रे दोन मिनिटं, पाय गेले माझे," हे मी म्हणालो. आणि तुझी बाही ओढली. निळा शर्ट, उजवी बाही.

हे मला उचकीनेच कळलं असं लिहिता आलं असतं. खोटं झालं असतं. पुसट आठवत होतं. तू दहाव्याला दोष स्वतःकडे घेतलास तेव्हा मी पुढे होऊन बोलायला हवं होतं. नाही बोललो. नंतर गप्प राहायची सवय झाली, आणि तू नागपूरला गेलास तेव्हा, खोटं कशाला, थोडं बरंच वाटलं.

आता शिव्या घाल. पत्राने घाल, फोनने घाल, इथे येऊन घाल. पण त्या बाकावर तू मला बसवतोयस तेव्हा तूही तिथेच बसलेला असतोस ना रोज रात्री? आठवण काढू नकोस असं मी म्हणत नाही. आजी म्हणतात, उचकी न लागणारे लोकही आहेत, त्यांना कोणी विचारायला जात नाही.

फक्त एकदा दुसरा दिवस काढ. अप्पा आपल्या दोघांना गडकरीला घेऊन गेले होते, आठवतं? शहाण्णव की सत्त्याण्णव, तूच सांग, माझ्या सालांवर आता विश्वास नाही. बाल्कनीची तिकिटं होती. मध्यंतरात त्यांनी वडे घेतले, स्वतःचा अर्धा तुला दिला आणि तळणीवरून कँटीनवाल्याशी वाद घातला. तो वाद मला नीट ऐकायचाय. त्यांना एकदा चालता-बोलता बघायचंय. मी त्यांच्या शेजारच्या खुर्चीत होतो, म्हणजे मान त्या बाजूला वळलीच असणार.

रविवारी संध्याकाळी सातला जमव. मी खुर्चीत बसून असेन, बायको पाण्याचा तांब्या घेऊन शेजारी.

सात म्हणजे स्टँडर्ड.

तुझा,
संज्या