पांढऱ्या घोड्याविषयी एका मुद्रितशोधकाचे पत्र

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

दिवाळीत तुझी नवी कचेरी पाहायला आलो होतो, तेव्हा तुझ्या खुर्चीमागे लावलेले ते भलेमोठे चित्र पाहून मला हसू आले आणि तू दुखावलास, हे परतीच्या गाडीत बसल्यावर माझ्या लक्षात आले. मागच्या दोन पायांवर उभा राहिलेला पांढरा घोडा, वाऱ्यावर फडफडणारा तांबडा झगा, वर शिखराकडे रोखलेला हात आणि तोंड मात्र आपल्याकडे वळवलेला नेपोलियन. "हा माणूस कोणाच्या शिफारशीवर नाही, स्वतःच्या मनगटाच्या जोरावर वर आला," असे तू म्हणालास, आणि चहा आल्यामुळे तो विषय तिथेच राहिला. मी का हसलो ते सांगायचे राहून गेले, म्हणून हे पत्र.

चित्रातल्या त्या डोंगरी खिंडीतून नेपोलियन गेला तो घोड्यावरून नव्हे, खेचरावरून. सन १८०० च्या मे महिन्यात त्याचे सैन्य आल्प्स पर्वतातली ग्रेट सेंट बर्नार्डची खिंड ओलांडून इटलीत उतरत होते. तोफा गाड्यांवरून काढून, पोखरलेल्या ओंडक्यांत घालून शिपाई बर्फावरून ओढत नेत होते, आणि सेनापती मागाहून, बहुतेक फौज पुढे गेल्यावर, एका गावकऱ्याने लगाम धरलेल्या खेचरावर बसून निघाला. ही त्याची नामुष्की मुळीच नव्हे. त्या वाटेवर घोडा उधळवणारा माणूस थेट दरीत गेला असता, आणि नेपोलियन मूर्ख नव्हता. पण पुढच्याच वर्षी दाविद या चित्रकाराने ते चित्र काढले तेव्हा खेचराचा घोडा झाला. चित्रासाठी समोर बसायलाही नेपोलियनने नकार दिला. थोर माणसांची चित्रे हुबेहूब आहेत की नाहीत हे कोणी पाहत नाही, त्यांत त्यांची प्रतिभा दिसली म्हणजे पुरे, असे त्याचे म्हणणे होते. शेवटी त्याचा गणवेश मागवून तो चित्रकाराने आपल्या मुलाला चढवला आणि मुलाला शिडीवर बसवून चित्र पुरे केले. चित्राच्या खालच्या कोपऱ्यात खडकावर त्याच्या आधी आल्प्स ओलांडणाऱ्या हॅनिबल आणि शार्लमेन यांची नावे कोरलेली आहेत आणि त्यांच्या वर, जरा ठळक, बोनापार्त. तुझ्या छापील प्रतीत तो कोपरा चौकटीखाली गेला आहे. चौकट एकदा काढून बघ.

तू म्हणशील, चित्रकाराची अतिशयोक्ती ती, तिचा दोष त्याच्या माथी कशाला? पस्तीस वर्षे मी दुसऱ्यांची मुद्रिते, म्हणजे छपाईआधीच्या कच्च्या प्रती, तपासली आहेत, त्यामुळे कोणती चूक अनवधानाने राहिली आणि कोणती मुद्दाम ठेवली, एवढे मला साधारणपणे कळते. या माणसाचे चरित्र वाचताना मला सारखे वाटत राहिले की तो हातात तांबडी शाई घेऊनच जन्माला आला होता. स्वतःच्या आयुष्याची मुद्रिते त्याने इतक्या चिकाटीने तपासली की आपल्यापर्यंत पोचली ती बहुतेक त्याने दुरुस्त केलेली प्रत.

पहिली दुरुस्ती नावाची. कॉर्सिका बेटावर १५ ऑगस्ट १७६९ रोजी जन्मलेल्या या मुलाचे नाव होते नापोलिओने बुओनापार्ते, पूर्ण इटालियन धाटणीचे. ते बेट जिनोआकडून फ्रान्सच्या ताब्यात येऊन तेव्हा जेमतेम वर्ष झाले होते. सन १७९६ मध्ये इटलीच्या मोहिमेवर निघताना त्याने आडनावातला 'उ' गाळला आणि तो फ्रेंच बोनापार्त झाला. त्याच सुमारास, ९ मार्चला, त्याचे जोसेफिनशी नोंदणी पद्धतीने लग्न झाले. नवरदेव दोन तास उशिरा आला. नोंदवहीत मात्र घोळ वेगळाच आहे. तो सव्वीस वर्षांचा होता आणि ती बत्तीस वर्षांची. वहीत दोघेही अठ्ठावीस वर्षांचे दिसतात. तिने चार वर्षे कमी केली, त्याने दीड वर्ष वाढवले आणि जन्मतारीख दिली ५ फेब्रुवारी १७६८. आता गंमत बघ. त्या तारखेला कॉर्सिका फ्रान्सची झालीच नव्हती, म्हणजे बायकोच्या वयाशी मेळ घालण्याच्या नादात हा गृहस्थ कागदोपत्री जन्माने परदेशी ठरला! एक ओळ सुधारताना दुसरी बिघडते, हा आमच्या धंद्यातला रोजचा अनुभव.

मनगटाच्या जोराचे म्हणशील तर तो जोर होताच, मी नाकारत नाही. तोफखान्याचे गणित त्याला मुखोद्गत होते. तुलाँच्या वेढ्यात, डिसेंबर १७९३ मध्ये, बंदरावर नेमकी कोणती टेकडी हाती आली म्हणजे इंग्रजी आरमार पळेल हे त्याने ओळखले, आणि चोविसाव्या वर्षी तो ब्रिगेडियर जनरल झाला. पण त्याच्या वडिलांनी खटपट करून घराण्याच्या सरदारकीचे दाखले मिळवले नसते, तर नवव्या वर्षी ब्रिएनच्या लष्करी शाळेत सरकारी खर्चाने त्याची सोय लागली नसती. फ्रेंच राज्यक्रांतीच्या धामधुमीत सरदार घराण्यांतले अधिकारी देश सोडून पळाले नसते, तर वरच्या जागा इतक्या लवकर मोकळ्या झाल्या नसत्या. आणि ऑक्टोबर १७९५ मध्ये पॅरिसच्या रस्त्यांवर उठाव झाला तेव्हा बारास या पुढाऱ्याने त्याला हाताशी धरले नसते, तर इटलीचे सेनापतिपद दुसऱ्याच कोणाच्या पदरात पडले असते. जोसेफिन ही याच बारासची जुनी मैत्रीण होती. शिफारस नव्हती असे म्हणू नकोस. शिफारशी पुढे खोडून टाकल्या, असे म्हण.

इटलीत त्याने लढाया जिंकल्या त्याबरोबर वर्तमानपत्रेही काढली. सैन्यासाठी म्हणून निघालेली ती पत्रे पॅरिसमध्येही वाचली जात, आणि त्यांत बोनापार्त विजेसारखा चमके. आर्कोला येथील पुलाची गोष्ट तू शाळेत वाचली असशील: हातात निशाण घेऊन गोळ्यांच्या वर्षावात पुलावर धावणारा तरुण सेनापती. प्रत्यक्षात नोव्हेंबर १७९६ मधला तो हल्ला फसला, आणि सेनापती पुलाखालच्या दलदलीत पडला तो सहकाऱ्यांनी बाहेर ओढून काढला. ग्रो या चित्रकाराने मिलानमध्ये त्या प्रसंगाचे चित्र काढले तेव्हा साहेब एका जागी स्थिर बसेनात, म्हणून जोसेफिनने न्याहारीनंतर त्यांना मांडीवर घेऊन धरून ठेवले, असे नेपोलियनच्याच एका सहायकाने सांगितले आहे. त्या चित्रातली नजर एकदा पाहा. ती शत्रूकडे लागली आहे असेच तुला वाटेल.

इजिप्तची मोहीम मी थोडक्यात आटोपतो, कारण तिथे आरमार बुडाले, सैन्य अडकले आणि सेनापती ते मागे टाकून ऑगस्ट १७९९ मध्ये गुपचूप निघाला. फ्रान्समध्ये मात्र तो उतरायच्या काही दिवस आधी त्याच्या एका विजयाचे वृत्त पोचले होते आणि लोकांनी त्याला डोक्यावर घेतले. महिनाभरात त्याने सत्ता हाती घेतली. याच मोहिमेत जाफा शहरात प्लेगच्या रोग्याला उघड्या हाताने स्पर्श करणाऱ्या नेपोलियनचे चित्र ग्रोने १८०४ मध्ये काढले, आणि ते पाहून आजही माणूस हेलावतो. रुग्णालयाच्या त्या भेटीपूर्वी थोडेच दिवस, शरण आलेल्या हजारो कैद्यांना त्याच्या हुकमाने समुद्रकिनाऱ्यावर मारले होते. त्याचे चित्र त्याने काढवून घेतले नाही.

सत्ता आल्यावर तांबडी शाई देशभर फिरली. नव्या राज्यघटनेवर जनतेचा कौल घेतला तो ३०,११,००७ विरुद्ध १,५६२ असा जाहीर झाला. अनुकूल मते प्रत्यक्षात त्याच्या निम्मीच होती. गृहमंत्री असलेल्या धाकट्या भावाने, ल्युसियांने, आकडे फुगवले आणि सैन्याची पाच लाख मते न मोजताच मिळवली. पॅरिसच्या ७३ वर्तमानपत्रांपैकी ६० जानेवारी १८०० मध्ये एका फटक्यात बंद झाली, आणि १८११ पर्यंत चारच उरली.

आता इटलीतल्या मारेंगोच्या लढाईविषयी सांगतो, आणि इथे मला जरा सविस्तर लिहू दे, कारण हा मजकूर माझ्या धंद्यातला आहे. ती लढाई, १४ जून १८०० ची, दुपारपर्यंत नेपोलियन हरला होता. ऑस्ट्रियाचा वृद्ध सेनापती मेलास विजय झाला असे समजून मैदान सोडून निघूनही गेला. तेवढ्यात दुसऱ्या वाटेला पाठवलेला नेपोलियनचा सेनानी देसे आपली तुकडी घेऊन परतला, त्याने प्रतिहल्ला चढवला आणि त्यातच तो मारला गेला. केलरमानच्या घोडदळाने नेमक्या घटकेला शत्रूची फळी फोडली, आणि हरलेली लढाई संध्याकाळी जिंकलेली ठरली. पुढे १८०३ मध्ये युद्धखात्याने तिचा अधिकृत वृत्तान्त तयार केला तो बराच खरा होता. तो नेपोलियनला रुचला नाही. दुपारची माघार ही माघार नव्हतीच, एका गावाला खुंटी मानून सगळी फळी ठरवून मागे वळवली होती, असे त्याला हवे होते. त्याप्रमाणे १८०५ मध्ये नवा वृत्तान्त छापला गेला. जुना नाहीसा करण्याचा हुकूम सुटला: जुळवलेला मजकूर मोडला, छापलेल्या प्रती नष्ट केल्या. पण खात्यातल्या एका अधिकाऱ्याने एक प्रत मागे ठेवली. त्या एका प्रतीमुळे आज आपण दोन्ही मजकूर शेजारी ठेवून वाचू शकतो. छपाईचे खिळे परत खणांत टाकताना जुळवलेल्या पानांचा एखादा फर्मा बाजूला सारून ठेवणारा जुळारी मी पाहिला आहे, त्यामुळे त्या अधिकाऱ्याविषयी मला फार जिव्हाळा वाटतो.

मुलीकडे पॅरिसला गेलो होतो तेव्हा लूव्र संग्रहालयात नेपोलियनच्या राज्याभिषेकाच्या चित्रापुढे मी अर्धा तास उभा होतो, आणि जावईबापू घड्याळ बघत माझ्यासाठी खोळंबले होते. वीस फूट उंच आणि बत्तीस फूट रुंद असे ते चित्र आहे. मधोमध, वरच्या सज्जात, प्रसन्न मुद्रेने नेपोलियनची आई बसली आहे. मुलाच्या राज्याभिषेकाला, २ डिसेंबर १८०४ ला, ही बाई पॅरिसमध्येच नव्हती. भावाभावांच्या भांडणात ती ल्युसियांची बाजू घेऊन रोमला राहिली होती. पोपचा हातही आधी मांडीवर निपचित होता. इतक्या लांबून त्यांना काहीच न करायला बोलावले नव्हते, असे सांगून नेपोलियनने तो आशीर्वादासाठी उचलायला लावला. एवढ्या गर्दीत आई कुठे दिसते ते शोधणारे माझ्याशिवाय त्या दालनात कोणी नव्हते.

आणि तरीही, मित्रा, या माणसाच्या कौशल्याला दाद द्यावीशी वाटते. त्याचे सगळे सरदार जरीच्या कलाबुतीने लखलखत असताना तो स्वतः साधा हिरवा गणवेश, करडा डगला आणि काळी टोपी घालून उभा राही, तीही इतरांसारखी टोक पुढे करून न घालता आडवी. लाखो माणसांच्या गर्दीत लांबून कोण ओळखू येईल, याचे गणित त्याने तोफखान्याच्या गणिताइतकेच चोख मांडले होते. आजही कागदावर नुसती टोपी काढली की लहान मूलसुद्धा त्याचे नाव सांगते.

रशियातून परतताना हे गणित पहिल्यांदा चुकले. सुमारे सहा लाखांचे सैन्य बर्फात आणि भुकेने संपले, तेव्हा ३ डिसेंबर १८१२ च्या एकोणतिसाव्या युद्धपत्रकात त्याला पहिल्यांदा नाश कबूल करावा लागला. पण शेवटचे वाक्य असे: महाराजांची प्रकृती इतकी उत्तम कधीच नव्हती. ज्यांची मुले परतली नाहीत अशा घरांतून हे वाक्य मोठ्याने वाचले गेले असेल. 'युद्धपत्रकासारखा खोटा' असा वाक्प्रचार फ्रेंच शिपायांत आधीच रूढ झाला होता.

जाता जाता तुझ्या आजोळची एक गोष्ट. जालना जिल्ह्यातल्या असईच्या शिवारात २३ सप्टेंबर १८०३ रोजी शिंदे आणि भोसले यांच्या फौजांशी लढलेला वेलस्ली हाच पुढे वॉटर्लूला नेपोलियनसमोर उभा राहिला. हिंदुस्थानातल्या शिपायांचा सेनापती म्हणून नेपोलियन त्याला हिणवत असे. असईच्या तोफांसमोर वेलस्लीची किती माणसे पडली हे त्याने नीट वाचले असते, तर हा शेरा त्यानेच खोडला असता.

वॉटर्लूच्या पराभवानंतर सेंट हेलेना बेटावरच्या कैदेत नेपोलियनकडे सैन्य नव्हते, तोफा नव्हत्या; कागद होता आणि लिहून घेणारी माणसे होती. लास काझ नावाच्या सोबत्याला तो तासन् तास सांगत बसे, आणि त्या सांगण्यात तो स्वातंत्र्याचा कैवारी आणि राष्ट्रांचा मुक्तिदाता झाला. वसाहतींतली गुलामगिरी १८०२ मध्ये आपणच पुन्हा कायदेशीर केली, हे त्यात कुठे ठळक होणार? त्याच्या मृत्यूनंतर दोन वर्षांनी, १८२३ मध्ये, त्या टिपणांचे पुस्तक निघाले आणि युरोपभर घरोघर वाचले गेले. माझ्या मते त्याची सर्वांत मोठी लढाई हीच, आणि ती त्याने जिंकली. तुझ्या कचेरीतला घोडा त्याच लढाईतला.

५ मे १८२१ ला तो गेला, तेव्हा थडग्यावर काय कोरायचे यावरून वाद झाला. त्याच्या फ्रेंच सोबत्यांना सम्राटाला शोभेल असे नुसते 'नेपोलियन' हवे होते. बेटाचा इंग्रज गव्हर्नर 'नेपोलियन बोनापार्त' याखेरीज काही कोरू देईना. दोन्ही बाजू हटेनात. अखेर त्या शिळेवर कोणीच काही कोरले नाही, आणि १८४० मध्ये अवशेष पॅरिसला नेईपर्यंत तो एकोणीस वर्षे त्या कोऱ्या दगडाखाली पडून होता.

भिंतीवरचे चित्र उतरवू नकोस, मला ते आवडते. पुढच्या महिन्यात येईन तेव्हा शेजारी लावायला दुसरे आणतो: देलारोश नावाच्या चित्रकाराने जवळजवळ पन्नास वर्षांनी काढलेले, त्याच खिंडीतले. त्यात दमलेले खेचर आहे, लगाम धरलेला गावकरी आहे आणि डगल्यात हात खुपसून थंडीने आखडलेला एक माणूस आहे. वहिनींना माझा नमस्कार सांग.

तुझा,
शाळेपासूनचा बाकसोबती