हेडमास्तरांच्या खोलीतील पत्राविषयी

आर्लिंग्टन, व्हर्जिनिया
5 जानेवारी 2025

तीर्थरूप बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

तुमचे पत्र पोहोचले. प्रजासत्ताक दिनी शाळेने तुम्हाला भाषणासाठी बोलावले, हे वाचून फार आनंद झाला. अमेरिकन राष्ट्राध्यक्षांची नेतृत्व आणि नागरिकत्व यांविषयीची वचने मूळ प्रसंगांसह तपासून पाठवावीत, असे तुम्ही लिहिले आहे. तुमच्या यादीत पहिलेच नाव लिंकन यांनी हेडमास्तरांना लिहिलेल्या पत्राचे आहे. त्याविषयीच आधी लिहिते, कारण हे तुम्हाला कसे सांगावे या विचारात माझे दोन आठवडे गेले.

बाबा, ते पत्र लिंकन यांचे नाही. त्यांच्या उपलब्ध लेखनाचा अनेक खंडांतील संग्रह इथे छापलेला आहे, त्यात ते नाही, आणि त्याची मूळ प्रतही कुठे आढळलेली नाही. शाळेतील तुमच्या खुर्चीमागे जी चौकट टांगलेली होती, तिच्यातील शब्दांना जी लय आहे, ती वसंत बापटांच्या मराठीची आहे. पिढ्यान् पिढ्या मुलांनी ते पाठ केले, पालकांनी ते ऐकून डोळे पुसले, त्यातले काहीच खोटे ठरत नाही. मात्र व्यासपीठावरून ते लिंकन यांचे म्हणून वाचू नये, असे मला मनापासून वाटते, कारण अवतरण तपासल्याशिवाय वहीत उतरवू नये ही शिस्त मला तुम्हीच लावली.

त्याऐवजी लिंकन यांचे एक खरे पत्र पाठवते. 22 जुलै 1860 रोजी, म्हणजे राष्ट्राध्यक्षपदाची उमेदवारी मिळून दोन महिने झाले असताना, त्यांनी स्प्रिंगफील्डहून आपल्या मुलाच्या मित्राला, जॉर्ज लॅथमला, ते लिहिले. हा मुलगा हार्वर्डच्या प्रवेशपरीक्षेत नापास झाला होता. ही बातमी कळून जितके दुःख झाले तितके आयुष्यात क्वचितच झाले असेल, अशी सुरुवात करून लिंकन त्याला सांगतात की, निराशेला मनात शिरू दिले नाहीस तर या अपयशात फारसे काही नाही. एकदा प्रयत्न केला आहेस, तर आता यशस्वी झालेच पाहिजे, आणि ‘झालेच पाहिजे’ हाच यातला शब्द आहे. पुढे ते लिहितात की, तुला मदत कशी करावी हे मला कळत नाही; पुष्कळ सोसलेला एक प्रौढ माणूस एवढीच खात्री देऊ शकतो की, हरायचे नाही असे तू ठामपणे ठरवलेस तर तू हरणार नाहीस. ज्या माणसाचे स्वतःचे सगळे शालेय शिक्षण मिळून जेमतेम एका वर्षाचे होते, आणि ज्याच्यापुढे देश फुटण्याचे संकट उभे होते, तो एका नापास मुलाला धीर देण्यासाठी लेखणी उचलतो, यापेक्षा नेतृत्वाचा मोठा धडा शाळेत कोणता सांगता येईल?

काल थंडी असूनही मी पोटोमॅक नदीपलीकडे लिंकन स्मारकात जाऊन आले. पुतळ्याच्या एका बाजूच्या भिंतीवर गेटिसबर्गचे भाषण आणि दुसऱ्या बाजूला 4 मार्च 1865 चे दुसऱ्या शपथविधीचे भाषण कोरलेले आहे. दुसऱ्या भाषणातील ‘भविष्य’ या अर्थाच्या इंग्रजी शब्दाचे पहिले अक्षर कारागिराने चुकीचे कोरले होते. नंतर ती रेघ बुजवली, तरी नीट पाहिल्यास ती आजही दिसते.

गेटिसबर्गच्या भाषणाचे शेवटचे शब्द आपण नागरिकशास्त्रात लोकशाहीची व्याख्या म्हणून शिकलो आणि तुम्ही वर्षानुवर्षे शिकवलेत: लोकांचे, लोकांनी, लोकांसाठी चालवलेले राज्य. भिंतीसमोर उभे राहून सबंध मजकूर वाचला तेव्हा प्रथमच नीट उमगले की, लिंकन व्याख्या करत नव्हते. अमेरिकेच्या यादवी युद्धात, जुलै 1863 मधील तीन दिवसांच्या लढाईत मेलेल्या सैनिकांच्या दफनभूमीवर, 19 नोव्हेंबरला, ते जमलेल्या जिवंत माणसांना बांधून घेत होते. ही भूमी आपण पावन करू शकत नाही, ती लढणाऱ्यांनी आधीच केली आहे. त्यांचे अपुरे राहिलेले काम पुढे नेण्यासाठी आपणच स्वतःला वाहून घ्यायचे आहे, म्हणजे असे राज्य पृथ्वीवरून नाहीसे होणार नाही, असा त्या लांबलचक वाक्याचा ओघ आहे. आपण त्याचे शेपूट तेवढे घेतले आणि जबाबदारीचा भाग मागे राहिला. त्या दिवशीचे मुख्य वक्ते एडवर्ड एव्हरेट दोन तास बोलले होते आणि लिंकन यांचे शब्द सुमारे 270 होते. तुमच्या भाषणाला शाळेने दहाच मिनिटे दिली म्हणून तुम्ही खंत केली आहे, म्हणून हे मुद्दाम लिहिते.

दुसऱ्या शपथविधीच्या वेळी युद्ध जवळजवळ जिंकलेले होते, तरी त्या भाषणात विजयाचा एकही उद्गार नाही. उत्तर आणि दक्षिण, दोन्ही पक्ष एकच बायबल वाचतात आणि एकाच देवाची प्रार्थना करतात, असे ते म्हणाले. गुलामगिरीचे पाप त्यांनी एकट्या दक्षिणेच्या माथी मारले नाही, ते सगळ्या देशाच्या पदरात टाकले. आणि मग ‘कोणाविषयीही आकस नाही, सर्वांविषयी करुणा’ या शब्दांनी त्यांनी देशाच्या जखमा बांधण्याचे आवाहन केले. सहा आठवड्यांच्या आत त्यांची हत्या झाली. भाषणात महात्मा फुल्यांचा उल्लेख अवश्य करा, कारण 1873 मध्ये ‘गुलामगिरी’ त्यांनी अमेरिकेतील ज्या सज्जनांना अर्पण केली, ते गुलामगिरीविरुद्धच्या याच लढ्यात स्वतःला झोकून देणारे लोक होते.

फ्रँकलिन रूझवेल्ट यांचे ‘आपल्याला भ्यायचे असेल तर फक्त भीतीलाच’ हे 4 मार्च 1933 चे वाक्य तुमच्या यादीत आहेच. त्याच्या जोडीला त्यांचे पुढचे काम सांगा. बँका धडाधड बंद पडत होत्या, आणि आठच दिवसांनी त्यांनी रेडिओवरून, बँकेत ठेवलेल्या पैशाचे काय होते, हे घरातल्या वडीलधाऱ्याने समजवावे तसे लोकांना समजावून सांगितले. बँका पुन्हा उघडल्यावर लोक पैसे परत भरू लागले. मात्र मला एक गोष्ट लपवता येत नाही. जपानशी युद्ध सुरू असताना, याच राष्ट्राध्यक्षांच्या फेब्रुवारी 1942 च्या आदेशाने जपानी वंशाच्या सुमारे 1,20,000 लोकांना घरेदारे सोडून छावण्यांत राहावे लागले, आणि त्यांतले बहुसंख्य अमेरिकेचे नागरिक होते. भीतीविषयीचे इतके सुंदर वाक्य बोलणारा माणूसही भीतीपुढे नमला. 1988 मध्ये रोनाल्ड रेगन यांनी त्या लोकांना भरपाई देणाऱ्या कायद्यावर सही करताना ‘इथे आपण एक चूक कबूल करतो’ असे म्हटले. हे वाक्य कोणत्याही सुभाषितांच्या पुस्तकात मला सापडले नाही, तरी मी ते तुमच्या यादीत घातले आहे. राष्ट्राच्या वतीने चूक कबूल करायला जे धैर्य लागते, ते मला युद्ध पुकारण्याच्या धैर्यापेक्षा मोठे वाटते.

आता जिमी कार्टर यांच्याविषयी. 29 डिसेंबरला वयाच्या 100 व्या वर्षी ते गेले. इथले सगळे ध्वज अर्ध्यावर उतरलेले आहेत आणि गुरुवारी वॉशिंग्टनमध्ये अंत्यविधीची प्रार्थना आहे. तुमच्या यादीत त्यांचे नाव नव्हते, पण माझ्या मते नागरिकत्वाविषयी सर्वांत चांगले वाक्य त्यांचे आहे. निवडणूक हरल्यावर, 14 जानेवारी 1981 च्या निरोपाच्या भाषणात ते म्हणाले की, या पदाची जबाबदारी खाली ठेवून आपण पुन्हा अशी पदवी धारण करणार आहोत, जी आपल्या लोकशाहीत राष्ट्राध्यक्षापेक्षाही श्रेष्ठ अशी एकच आहे, नागरिक ही पदवी. पुढची चाळीस वर्षे ते तसेच वागले. हातात हातोडी घेऊन त्यांनी गरिबांची घरे बांधली. आपल्याकडे जुन्या माणसांना नारूच्या रोगाची आठवण असेलच. 1986 मध्ये जगात त्याचे अंदाजे 35 लाख रुग्ण होते, आणि कार्टर यांची संस्था त्या कामात उतरल्यावर, अनेक देशांच्या प्रयत्नांनी, 2023 मध्ये ते 14 वर आले.

कार्टर यांचे नागरिकत्वाविषयीचे हे वाक्य त्यांच्या घरी कुठून आले असावे, याचा विचार करताना मला त्यांच्या आई लिलियन आठवतात. ‘देश तुमच्यासाठी काय करू शकतो हे विचारू नका, तुम्ही देशासाठी काय करू शकता ते विचारा’ असे जॉन केनेडी 20 जानेवारी 1961 रोजी म्हणाले, आणि सहा आठवड्यांत त्यांनी पीस कोअर ही, परदेशांत सेवेसाठी स्वयंसेवक पाठवणारी सरकारी संस्था स्थापन केली. केनेडींच्या समाधीजवळ, आमच्याच गावातील राष्ट्रीय दफनभूमीत, हे शब्द दगडावर कोरलेले आहेत. त्यांच्या हाकेला ‘ओ’ देणाऱ्यांत बहुतेक तरुण होते. पण 1966 मध्ये 68 वर्षांच्या लिलियन कार्टर या परिचारिकाही त्यात दाखल झाल्या, आणि त्यांनी ती सेवा केली ती आपल्या विक्रोळीत, गोदरेज वसाहतीच्या दवाखान्यात. दहा वर्षांनी मुलगा राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक जिंकला. केनेडींचे वाक्य सांगून झाले की विक्रोळीचे नाव घ्या. मुले कान टवकारतील.

लॅथमच्या पत्राचे माझे भाषांतर सोबत जोडले आहे. मराठी जिथे अडखळते तिथे सुधारावे. शाळेतील ती चौकट कृपया काढायला सांगू नका, फक्त तिच्याखाली वसंत बापटांचे नाव मोठ्या अक्षरांत लिहून घ्या. आणि आप्पाकाकांना एक विचारा. ते त्या सुमारास गोदरेज वसाहतीत राहत होते आणि थोरल्या दादाला लहानपणी सारखे दवाखान्यात न्यावे लागे, असे काकू सांगत. दवाखान्यातली एखादी पांढऱ्या केसांची अमेरिकन बाई त्यांना आठवते का?

उद्या इथे मोठा बर्फ पडण्याचा इशारा आहे, त्यामुळे पत्र आजच टाकते. आईला नमस्कार.

आपली,
माई