ताई, तो एक सेव्ह वाचला

प्रिय ताई,

सप्रेम नमस्कार.

आपण एकाच कार्यालयात काम करतो, रोज एकमेकांना दिसतो, तरी हे पत्रातूनच सांगतोय. समोर उभं राहून सांगायला गेलो असतो तर तुम्ही "अहो, त्यात काय एवढं" म्हणून विषय बदलला असता. आणि पत्र सगळ्यांना वाचता येईल असं लिहितोय, कारण त्या रात्री तुम्ही मला जे दाखवलंत ते डिस्क ड्राइव्ह नसलेला, म्हणजे गेम फक्त डाउनलोड करून खेळायचा कन्सोल वापरणाऱ्या प्रत्येकाला कोणीतरी वेळेवर दाखवायला हवं.

रात्रीचे साडेदहा वाजले होते. नवीन गेम घ्यायचा होता, त्याला ८० जीबी जागा हवी होती आणि माझ्या एक्सबॉक्स सीरीज एसवर जेमतेम २० जीबी उरली होती. हा कन्सोल नोव्हेंबर २०२० मध्ये आला तो ५१२ जीबीच्या एसएसडीसह, म्हणजे आतल्या वेगवान साठ्यासह. त्यातली बरीच जागा सिस्टिमला लागते आणि गेमसाठी साधारण ३६४ जीबी हाती राहते. आजकालचे काही गेम एकटेच १०० जीबीच्या पुढे जातात, म्हणजे असे तीन ठेवले की घर भरलं. महिनाभर मी हेच करत होतो: एक काढायचा, दुसरा घ्यायचा, मग पहिल्याची आठवण आली की पुन्हा रात्रभर डाउनलोड. त्या रात्री वैतागून ठरवलं की आता सगळंच साफ करू. एकेक गेम उघडून 'मॅनेज गेम अँड ॲड-ऑन्स'मध्ये जात होतो आणि दिसेल ते काढत होतो. एका गेमच्या 'सेव्ह्ड डेटा'वर आलो तेव्हा दोन पर्याय समोर होते. 'डिलीट फ्रॉम कन्सोल' आणि 'डिलीट एव्हरीव्हेअर'. मला वाटलं, सगळीकडून काढलं की जास्त जागा मिळेल.

कंट्रोलरच्या बटणावर अंगठा होता. का कोण जाणे, थांबलो. दुपारी जेवणाच्या सुट्टीत तुम्ही सहज म्हणाला होतात, "जागेचा घोळ झाला तर काही काढायच्या आधी मला विचारा." एवढ्या रात्री फोन करणं बरं नव्हे हे कळत होतं, तरी केला.

तुम्ही पहिल्यांदा विचारलंत ते अजून कानात आहे. "तो गेम कोणाचा आहे?"

मी म्हटलं, माझाच, माझ्या खात्यावर घेतलेला.

"गेम नाही हो. त्यातला खेळ कोणाचा आहे?"

आणि मग मला सांगावं लागलं. तो गेम मी आणि माझा धाकटा भाऊ शेजारी बसून, दोन कंट्रोलर घेऊन खेळायचो. दीड वर्ष खेळत होतो. शेती, घर, नदीवरचा पूल, सगळं दोघांनी मिळून उभं केलेलं. मग त्याला दूरच्या शहरात नोकरी लागली आणि तो गेला. तेव्हापासून तो गेम कोणी उघडला नव्हता. मी उघडत नव्हतो, कारण एकट्यानं त्या घरात फिरायला नको वाटायचं. पण काढतही नव्हतो. ३० जीबी अडवून तो तसाच पडून होता, आणि त्या रात्री चिडचिडीत मी त्यालाच हात घातला होता.

तुम्ही व्हिडिओ कॉल लावायला सांगितलंत, मी फोन टीव्हीसमोर धरला. मग तुम्ही एक गोष्ट समजावलीत, जी मला कन्सोल घेतल्या दिवसापासून कळायला हवी होती. ज्याला आपण 'गेम' म्हणतो त्या तीन वेगळ्या वस्तू आहेत. एक, गेम विकत घेतल्याचा हक्क. तो खात्यावर असतो, कन्सोलवर नसतोच. दोन, इन्स्टॉल केलेल्या फाइली. सगळी जागा ह्याच खातात आणि ह्या कधीही परत उतरवता येतात. तीन, आपण खेळलेलं, म्हणजे सेव्ह. "तुम्ही जे कष्टानं केलंत ते फक्त तिसऱ्यात आहे," तुम्ही म्हणालात, "आणि ते बहुतेक वेळा काही एमबीचं असतं. ते काढून तुम्हाला जागा मिळणार किती?"

काहीच नाही. ३० जीबीच्या हव्यासात मी काही एमबी पुसणार होतो, आणि तेही एव्हरीव्हेअर, म्हणजे कन्सोलवरून आणि क्लाउडवरूनही, इंटरनेटवर ठेवलेली प्रतसुद्धा. ते पुसल्यावर परत आणायला काही मार्ग नव्हता.

मी सुटकेचा श्वास सोडला आणि म्हटलं, चला, सेव्ह राहू देतो, फक्त गेम अनइन्स्टॉल करतो. सेव्ह आपोआप क्लाउडवर जातात हे मला माहीत होतं. तुम्ही मात्र तिथंच थांबवलंत. "शेवटचं खेळलात तेव्हा इंटरनेट होतं का?"

ताई, हा प्रश्न मला आयुष्यात सुचला नसता. भाऊ जायच्या आधीचे चार-पाच दिवस इंटरनेट बंद होतं आणि त्या दिवसांत आम्ही सर्वांत जास्त खेळलो होतो. ऑफलाइन. ते दिवस क्लाउडवर गेलेच नव्हते, फक्त कन्सोलवर होते. गेमबरोबर तेही गेले असते. शिवाय दोघं खेळताना भाऊ आधी साइन-इन व्हायचा आणि मी दुसऱ्या कंट्रोलरवर, म्हणजे तो सगळा संसार त्याच्या प्रोफाइलखाली, कन्सोलवरच्या त्याच्या खात्याखाली साठलेला होता. मी माझ्या प्रोफाइलनं कितीही वेळा ऑनलाइन आलो असतो तरी त्याच्या फाइली वर गेल्या नसत्या. सेव्ह प्रोफाइलचा असतो, हे तुम्ही दोनदा सांगितलंत, दुसऱ्यांदा जरा सावकाश.

मग अकरा वाजता भावाला फोन. तो झोपेतून उठला, त्याच्या प्रोफाइलचा पासवर्ड मागितला गेला, त्याच्या फोनवर आलेला कोड त्यानं वाचून दाखवला. नेट चालू असताना गेम उघडला. पडद्यावर सिंक होत असल्याची, म्हणजे कन्सोलवरचं आणि क्लाउडवरचं जुळवून घेत असल्याची पट्टी सरकली, संपली, आणि आमचं घर दिसलं. तुम्ही म्हणालात, "आता आत जा, एकदा सेव्ह करून बाहेर या, आणि मग खुशाल काढा." भाऊ फोनवर, तुम्ही दुसऱ्या फोनवर, आणि मी मधे. भाऊ एवढंच म्हणाला, "पूल आहे ना अजून?"

आहे म्हटलं.

तुमचे आभार मानायचे ते ह्यासाठी. बाकी जे शिकवलंत ते उपयोगाचं आहेच, तेही लिहितो, म्हणजे कोणाला हवं असेल तर मिळेल.

मी लगेच जागा वाढवणारं एक्स्पान्शन कार्ड घ्यायला निघालो होतो. मागच्या खाचेत बसतं ते कार्ड आतल्या एसएसडीसारखंच चालतं, त्यावरून नवे गेम थेट खेळता येतात, पण ते स्वस्त नसतं. तुम्ही म्हणालात, "घरात जुनी हार्ड डिस्क असेल ना? आधी ती काढा." ती यूएसबी ३.० ची आणि किमान १२८ जीबीची हवी, आणि गेमसाठी फॉरमॅट करताना तिच्यावरचं सगळं पुसलं जातं, म्हणून आधीचे फोटो दुसरीकडे हलवायला लावलेत. त्याबद्दल आईसुद्धा तुमची ऋणी आहे. मग नियम सांगितलात: एक्सबॉक्स वनच्या आणि त्याआधीच्या पिढ्यांचे गेम थेट त्या हार्ड डिस्कवरून खेळता येतात, म्हणून ते सगळे तिकडे. सीरीज एक्स आणि एस ह्या नव्या पिढीसाठी बनवलेले गेम तिथं फक्त ठेवता येतात. खेळायचे तर परत आत आणावे लागतात, कारण ते आतल्या एसएसडीच्या वेगावर बेतलेले असतात. तो वेग सेकंदाला २.४ जीबी, आणि साध्या हार्ड डिस्कचा सेकंदाला शंभरेक एमबी. एवढी तफावत पाहिल्यावर मला त्या नियमाचा राग येईनासा झाला.

पण ह्यात खरा फायदा कुठं आहे ते तुम्ही कागदावर मांडून दाखवलंत. १०० जीबीचा गेम ५० एमबीपीएसच्या कनेक्शनवर पुन्हा उतरवायला साडेचार तासांच्या आसपास लागतात. तोच गेम हार्ड डिस्कवर हलवून ठेवला असेल तर परत आणायला पंधरा-वीस मिनिटं. मी महिनाभर ज्या रात्री डाउनलोडच्या टक्क्यांकडे बघत काढल्या, त्यांचं उत्तर कपाटात पडलेल्या त्या डिस्कमध्ये होतं.

मी तेव्हा म्हटलं होतं, गेमची डिस्क घालता येणारा कन्सोल घेतला असता तर ही वेळच आली नसती. तुम्ही ते शांतपणे खोडून काढलंत. डिस्क घातली तरी गेम आतल्या एसएसडीवरच इन्स्टॉल होतो, जागा तेवढीच जाते. डिस्कनं वाचतो तो डाउनलोडचा काही भाग. डिस्कवाल्यालाही आवरावंच लागतं. हे पटल्यावर आपण चुकीची वस्तू घेतली ही माझी रुखरुख गेली, आणि खरं सांगतो, ती रुखरुख जागेच्या टंचाईपेक्षा जास्त छळत होती.

तुमच्याकडे ही नजर कुठून आली हेही त्या निमित्तानं कळलं. २००९ मध्ये आलेला पीएसपी गो, सोनीचा हातात धरून खेळायचा कन्सोल, तुम्ही वापरला होतात. त्यात डिस्कची सोयच नव्हती, आतली जागा सगळी मिळून १६ जीबी. "तेव्हापासून सवय आहे," म्हणालात, "काय खेळतेय तेवढंच आत. बाकीचं आपलंच असतं, फक्त हाताशी नसतं." मला हे वाक्य फार आवडलं. तरी तुम्ही त्याची दुसरी बाजू लपवली नाहीत. सबस्क्रिप्शनमधून घेतलेला गेम यादीतून गेला की सेव्ह राहतो, पण विकत घेतल्याशिवाय गेम खेळता येत नाही. तो आपला कधी नव्हताच. दुकानं बंद होतात, हेही सांगितलंत. एक्सबॉक्स ३६० ह्या जुन्या कन्सोलचं स्टोअर २९ जुलै २०२४ ला बंद झालं. आधी घेतलेले गेम अजून उतरवता येतात, नवे घेता येत नाहीत. म्हणून ज्या गेमवर विशेष जीव आहे तो हार्ड डिस्कवर ठेवायचा, ह्या तुमच्या सल्ल्याला मी शब्दशः धरून आहे.

जाता जाता, आपल्याच मजल्यावरच्या त्या दुसऱ्या सहकाऱ्याला तुम्ही वेळेत सावध केलंत तेही मला कळलं. त्याच्याकडे प्लेस्टेशन ५ ची डिजिटल आवृत्ती आहे. तिथं पीएस५ गेमचे सेव्ह क्लाउडवर ठेवायला पीएस प्लस ह्या सोनीच्या सेवेची वर्गणी लागते आणि ते यूएसबीवर काढून घेता येत नाहीत. त्याची वर्गणी संपत आली होती. माझं ऐकून तो सेव्ह क्लाउडवर आहेत असं गृहीत धरून बसला असता तर दोष माझा ठरला असता. म्हणून इथं स्पष्ट लिहितो: मी वर सांगितलेलं सगळं एक्सबॉक्सचं आहे. दुसरा कन्सोल असेल तर त्याचे नियम आधी बघा, मग हात लावा.

आता माझ्याकडे आत चारच गेम असतात. महिन्यातून एकदा यादी आकारानुसार लावून बघतो, सर्वांत मोठा गेम खरंच खेळतोय का ते स्वतःला विचारतो. एका मोठ्या गेममध्ये एकट्यानं खेळायचा भाग संपला होता, तेवढाच वेगळा काढता आला. पूर्ण गेम काढायची गरज पडली नाही. रेकॉर्ड केलेल्या क्लिप फोनवर घेऊन कन्सोलवरून काढल्या. एक्स्पान्शन कार्ड अजून घेतलेलं नाही. लागलं तर घेईन, पण अजून लागलेलं नाही.

मागच्या आठवड्यात भाऊ सुट्टीवर आला होता, ताई. आल्या आल्या त्यानं दुसरा कंट्रोलर शोधला. गेम हार्ड डिस्कवर होता, तो आत हलवायला पाच-सहा मिनिटं लागली. त्याच्या प्रोफाइलनं उघडला. जायच्या आदल्या रात्री, नेट बंद असताना, त्यानं अंगणात मला न सांगता एक दुसरी खोली बांधायला घेतली होती. भिंती झाल्या होत्या, छप्पर राहिलं होतं. त्या रात्री तुम्ही विचारलं नसतं तर ती खोली मला कधी दिसलीच नसती.

छप्पर आम्ही परवा घातलं.

तुमचा,
पलीकडच्या टेबलावरचा सहकारी