सर्बद्वेष नक्की कशाला म्हणायचं?

संपादक साहेब,
परवाच्या लेखात स्रेब्रेनिकाबद्दल (१९९५ ला बोस्नियातल्या या गावी बोस्नियन सर्ब सैन्याने हजारो मुस्लिमांची कत्तल केली) बोलणाऱ्यांनाही सर्बद्वेष्टे म्हटलंय, ते काही पटलं नाही. सर्बोफोबिया म्हणजे समोरचा सर्ब आहे एवढ्यावरूनच त्याचा राग, आणि तो खराच होता हो, १९१४ ला ऑस्ट्रियात 'झेर्बिएन मुस श्टेर्बिएन' म्हणजे सर्बियाने मेलंच पाहिजे अशी घोषणा होती, यमकासाठी जर्मन क्रियापदसुद्धा वाकवलं (मरणाच्या घोषणेत यमक, काय बोलायचं!), नंतर दुसऱ्या महायुद्धात यासेनोवाट्सच्या छावणीत उस्ताशांनी, म्हणजे क्रोएशियातल्या फॅसिस्टांनी, हजारोंनी सर्ब मारले. द्वेष तो. पण मिलोशेविचवर, म्हणजे नव्वदच्या दशकातल्या सर्बियाच्या सत्ताधीशावर, टीका केली की तोच शिक्का? बेलग्रेडमध्ये त्याच्याविरुद्ध २००० साली रस्त्यावर उतरलेले लोक सर्बच होते ना, मग त्यांना काय म्हणणार तुमचे लेखक?
– एक नेहमीचा वाचक