सईस पत्र

बॉन, जर्मनी
२२ जून २०२५

चि. सई,
अनेक आशीर्वाद.

तुझा व्हॉइस मेसेज तीनदा ऐकला. वादविवाद स्पर्धेचा विषय ‘हवामानबदलामुळे मानवजात नष्ट होईल’, आणि बाजूने बोलू की विरोधात, हे तू विचारलंस. पण शेवटी आवाज बारीक करून म्हणालीस, ‘स्पर्धेचं जाऊ दे गं आत्या, खरंच होईल का तसं?’ हे पत्र त्या प्रश्नासाठी आहे. आजीलाही वाचून दाखव.

मला विचारशील तर, माणूस नष्ट होणार नाही. आयपीसीसी, म्हणजे हवामानबदलाचा अभ्यास करणारी संयुक्त राष्ट्रांची समिती, तिच्या कुठल्या अहवालात तसं भाकीत नाही. पण एवढ्यावर निश्चिंत होऊ नकोस. का, ते सांगते.

इथून तासाभराच्या आत आर नदीचं खोरं लागतं. द्राक्षमळ्यांतून वाहणारी लहानशी नदी, आल्टेनार गावात एरवी मीटरभरही पाणी नसतं. १४ जुलै २०२१ च्या रात्री ते सुमारे दहा मीटर चढलं. त्याआधीची सर्वांत मोठी नोंद होती २०१६ ची, ३.७१ मीटर. एकट्या त्या खोऱ्यात १३० च्या वर माणसं गेली. युरोपच्या पूर-इशारा यंत्रणेने काही दिवस आधीपासून सूचना दिल्या होत्या. पैसा, रस्ते, उपग्रह, कशाचीच इथे वानवा नाही. तरी माणसं झोपेतच सापडली.

पुढच्या सोमवारी रजा टाकून मी ऑफिसातल्या एकाच्या गाडीतून मदतीला गेले. दिवसभर एका घरात हातोडीने भिंतीचा गिलावा पाडत होते. इथे घर गरम ठेवायला तळघरात तेलाच्या टाक्या असतात. त्या फुटून तेल पाण्यात मिसळलं आणि भिंतींनी ते पिऊन घेतलं. गिलावा काढल्याशिवाय वास जाईना. घरमालकीण म्हातारी होती. चिखलातून निघालेली एकेक बशी ती बादलीत विसळून अंगणात उन्हाला मांडत होती, जशी आपण वाळवणं मांडतो. माझ्या केसांना तो वास दोन दिवस होता.

आणि गुरुवारी, २२ तारखेला, चिपळूण बुडालं. दादाचा फोन लागेना, कुणाचाच लागेना. तुम्ही माळ्यावर बसून होतात आणि मी इथे टीव्हीवर वाशिष्ठी नदी बाजारपेठेत शिरलेली बघत होते. त्याच दिवशी महाड तालुक्यात तळिये गावावर डोंगर कोसळला. एका आठवड्यात माझी दोन्ही गावं पाण्याखाली गेली सई, आणि तेव्हापासून हा विषय मला पुस्तकातला राहिलेला नाही.

हवा एक अंश तापली की साधारण सात टक्के जास्त बाष्प धरते. मग पाऊस ओततानाही हात सैल सोडतो. आर आणि आसपासच्या भागातल्या पावसाचा शास्त्रज्ञांनी हिशेब केला, तेव्हा तापमानवाढीमुळे त्याचा जोर ३ ते १९ टक्के वाढल्याचं निघालं. बाकीचा दोष जमिनीवरचा. तिथल्या पूररेषा पाणी मोजायला लागल्यानंतरच्याच नोंदींवर आखलेल्या. १८०४ आणि १९१० चे भयंकर पूर त्यात धरलेच नव्हते. आपल्याकडे वाशिष्ठीत साचलेला गाळ. त्याच वर्षी डिसेंबरात लोक साखळी उपोषणाला बसले, तेव्हा कुठे तो काढायला गती आली. हे भाषणात जरूर सांग.

विरोधात बोललीस तर ओडिशा घे. १९९९ च्या चक्रीवादळात तिथे दहा हजारांच्या आसपास माणसं गेली. २०१९ मध्ये फणी आलं, तेव्हा आधीच सुमारे बारा लाख लोकांना हलवलं होतं. बळी गेले ६४. वादळ काही मवाळ नव्हतं. माणसं शहाणी झाली होती.

बाजूने बोललीस तर उन्हाळा घे. मे महिन्यात आजी ‘घामच वाळत नाही’ म्हणते ना, शरीराची सीमा नेमकी तिथे आहे. हवा इतकी दमट आणि तापलेली झाली की घाम उडत नाही, मग सावलीत पंख्याखाली बसलेला धडधाकट माणूससुद्धा काही तासांत दगावू शकतो. २००३ च्या उन्हाळ्यात युरोपात सुमारे सत्तर हजार माणसं उष्म्याने गेली, बहुतेक म्हातारी. आणि सर्वांत वाईट काय होऊ शकतं याचा अभ्यासच पुरेसा झालेला नाही, असं काही जाणत्या शास्त्रज्ञांनी २०२२ मध्ये लिहिलं. त्यांचं म्हणणं मला रास्त वाटतं.

‘नष्ट’ हा शब्द खरा लागू पडतो तो प्रवाळांना. मालवणला किल्ल्याजवळ तुला पाण्यात दाखवली होती, आठवतात? कारखानदारी सुरू होण्याआधीच्या मानाने जग दीड अंशाने तापलं तर जगातली ७० ते ९० टक्के प्रवाळ जातील, दोन अंशांना ९९ टक्क्यांहून जास्त. २०२४ हे दीड अंश ओलांडणारं पहिलं वर्ष ठरलं. एका वर्षाने सीमा कायमची ओलांडली असं होत नाही, पण आपण उंबऱ्यावर आहोत. या अर्ध्या अंशात किती जीव आहेत बघ. म्हणून ‘सगळे मरणार’ आणि ‘काही होत नाही’ या दोन्ही बोलण्यांचा मला राग येतो. दोन्हीकडची माणसं हात झटकून मोकळी होतात.

सध्या इथे संयुक्त राष्ट्रांची हवामान-बैठक चालू आहे. ट्रॅममध्ये गळ्यात ओळखपत्रं घातलेली देशोदेशीची माणसं दिसतात. काल एक साडी नेसलेली बाई दिसली, आणि बोलायला पुढे होईपर्यंत ती उतरूनही गेली.

स्पर्धेत तू विरोधात बोल. पण तळियेचं नाव घेतल्याशिवाय खाली बसू नकोस.

आणि एक काम. दादा म्हणत होता, गणपतीआधी घराला रंग द्यायचाय. जिन्याच्या भिंतीवर आजोबांनी २००५ च्या पाण्याची खूण खिळ्याने ओरखडून ठेवलीय. तिच्या वर हातभर २०२१ ची तू पेन्सिलीने केलेली. रंगाऱ्याला तेवढी पट्टी सोडायला सांग, आणि तुझी खूणही खिळ्याने पक्की करून घे. फोटो पाठव.

आजीला नमस्कार, वहिनीला आठवण.

तुझी,
आत्या